पाळण्यातल्या नावाची कुळकथा

व्याकरण का शिकावे, याची कारणे पतंजलीने 'महाभाष्या'च्या पहिल्याच आह्निकात दिली आहेत. वेदांचे रक्षण, शब्दांची शुद्धता अशा भारदस्त कारणांच्या रांगेत एक कारण अगदी घरगुती आहे: मुलाचे नाव नीट ठेवता यावे म्हणून. याज्ञिकांच्या हवाल्याने तो सांगतो की, जन्मानंतरचे दहा दिवस उलटले की नाव ठेवावे. ते घोष वर्णाने सुरू व्हावे, म्हणजे ग, द, ब यांसारख्या अक्षराने. क, त, प यांनी नव्हे. मध्ये य, र, ल, व यांपैकी एखादा अंतःस्थ असावा. बापाच्या आधीच्या तीन पिढ्यांची आठवण त्यात असावी, शत्रूच्या घरात ते रूढ नसावे, अक्षरे दोन किंवा चार असावीत. आणि ते कृत् प्रत्यय लागून झालेले असावे, तद्धित लागून नव्हे. आता कृत् कोणता नि तद्धित कोणता, हे व्याकरण न शिकलेल्या बापाला कळायचे कसे? तेव्हा शिका, असा पतंजलीचा रोख.

इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकातल्या या यादीत ध्वनी आहे, घराणे आहे, व्याकरण आहे. अर्थाबद्दल मात्र एक अक्षर नाही. आज बारशाआधी आईबाप पहिला प्रश्न विचारतात तो 'याचा अर्थ काय?' हा. नाव तपासून घेण्याची चाल जुनीच आहे. पण काय तपासायचे, हे दर काही शतकांनी बदलत आले आहे. म्हणूनच नावाच्या पुस्तकात समोर छापलेली एका ओळीची व्युत्पत्ती बहुतेक वेळा नावाच्या खऱ्या इतिहासाशी जुळत नाही.

गृह्यसूत्रांनी पतंजलीच्या याज्ञिकांसारखेच नियम घातले. आश्वलायन गृह्यसूत्र प्रतिष्ठा हवी असेल तर दोन अक्षरी आणि ब्रह्मतेज हवे असेल तर चार अक्षरी नाव सुचवते. मुलांच्या नावात सम अक्षरे असावीत, मुलींच्या नावात विषम. मनुस्मृतीने मात्र अर्थाला हात घातला आणि तो वर्णाच्या हिशेबाने घातला. ब्राह्मणाचे नाव मंगल, क्षत्रियाचे बलवाचक, वैश्याचे धनवाचक आणि शूद्राचे निंद्य असावे, असे दुसऱ्या अध्यायात सांगितले आहे. स्त्रीचे नाव उच्चारायला सोपे आणि शेवटी दीर्घ स्वर असलेले हवे. तिसऱ्या अध्यायात आणखी एक अट येते: नक्षत्र, वृक्ष, नदी, पर्वत, पक्षी किंवा सर्प यांचे नाव असलेल्या मुलीशी लग्न करू नये.

महाराष्ट्राने ही अट किती मानली, हे पाहायला फार लांब जायला नको. आनंदीबाई जोशी माहेरच्या यमुना. रमाबाई रानडे यासुद्धा माहेरच्या यमुना, कुर्लेकरांच्या. महर्षी कर्व्यांच्या पत्नी आनंदीबाई ऊर्फ बाया या माहेरच्या गोदूबाई, म्हणजे गोदावरी. तीन अक्षरे आणि शेवटचा 'आ' यांमुळे 'यमुना' हे नाव सूत्रकारांच्या परीक्षेत उत्तीर्ण होते आणि नदीचे म्हणून मनूच्या परीक्षेत नापास. धर्मशास्त्र घोकलेल्या घरांनीच गंगा, गोदा, कृष्णा, रोहिणी, रेवती ही नावे पिढ्यान्‌पिढ्या पाळण्यात घातली. शास्त्रात असे लिहिले आहे, एवढ्यावरून लोक तसे करत होते असे ठरत नाही. त्यासाठी प्रत्यक्ष वापरातली नावे पाहावी लागतात.

ती सगळ्यात आधी दगडावर भेटतात. नाणेघाटातल्या लेण्यात सातवाहन राजघराण्याचे पुतळे होते. आता काही पावलांच्या खुणा उरल्या आहेत, पण वर कोरलेली नावे शाबूत आहेत: सिमुक, नायनिका, सातकनि, भाय, हकुसिरि. ही सगळी प्राकृत नावे आहेत. त्यांचे 'शातकर्णी', 'शक्तिश्री' असे संस्कृत रूप अभ्यासकांनी पुढे जुळवले. नाशिकच्या तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यातला, पुळुमावीच्या एकोणिसाव्या राज्यवर्षातला लेख तर नावाचा उगम कसा चुकतो याचा धडाच आहे. 'गौतमीपुत्र' या बिरुदावरून राजमातेचे नाव गौतमी होते असे सर्रास सांगितले जाते. लेखात तिचा उल्लेख 'गोतमी बलसिरी' असा आहे. बलश्री हे तिचे स्वतःचे नाव. गौतमी ही तिच्या गोत्राची खूण. वासिष्ठीपुत्र, माढरीपुत्र ही बिरुदेही याच घडणीची.

त्याच डोंगरात क्षत्रप राजा नहपानाच्या जावयाचे लेख आहेत. नाव कोरले आहे 'उषवदात'. आजच्या कानाला त्यात 'उषा' ऐकू येते आणि 'उषेने दिलेला' असा गोड अर्थ सुचतो. पण कार्ल्याच्या लेण्यात याच माणसाचे नाव 'उसभदात' असे येते आणि गाठ सुटते. उसभ म्हणजे ऋषभ, बैल. तो ऋषभदत्त. स्वतःला शक म्हणवणारा हा माणूस, सासऱ्याचे नाव नहपान हे इराणी वळणाचे, बायको दक्षमित्रा. एका कुटुंबात दोन भाषाकुळांची नावे नांदत होती. एका लेखातले स्पेलिंग धरून अर्थ लावला असता, तर उगम साफ चुकला असता.

यादवकाळात आल्यावर नावे आणखी ओळखीची होतात. 'लीळाचरित्रा'त महदाइसा, आउसा, उमाइसा, एल्हाइसा या बाया आणि म्हाइंभट, भटोबास, नाथोबा हे पुरुष वावरतात. यातल्या 'आइसा', 'बा' या शेपटांना अर्थ आहे तो मानाचा. नावाचे मूळ मात्र घासून घासून गुळगुळीत झालेले. असे घासणे हा मराठी नावांचा पुढेही स्थायीभाव राहिला. अनंताचा अंताजी, केशवाचा केसो, महादेवाचा महादजी, मोरेश्वराचा मोरो, कृष्णाचा कान्होजी. 'अंताजी'चा अर्थ 'अंत करणारा' असा लावणारा माणूस मूळ नावातला पहिला 'अन्' कुठे गळला हे विसरतो.

मग दख्खनेत फारसी आली, आणि दरबारातून थेट पाळण्यात गेली. मालोजी भोसल्यांनी अहमदनगरच्या, म्हणजे आजच्या अहिल्यानगरच्या, शाह शरीफ या पिराला नवस केला आणि दोन मुलगे झाल्यावर त्यांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली, अशी परंपरा आहे. शहाजीच्या मुलाच्या नावाबद्दल दोन कथा आहेत. शिवनेरीवरच्या शिवाई देवीवरून शिवाजी, ही घराघरांत सांगितली जाते. शिवरायांच्या हयातीत त्यांच्याच आश्रयाने लिहिणाऱ्या कवींद्र परमानंदाने 'शिवभारता'त मात्र शिवगिरीच्या माथ्यावर जन्म झाला म्हणून लोकांत 'शिव' हे नाव रूढ झाले, असे म्हटले आहे. दोन्ही कथा एकाच गडाकडे बोट दाखवतात, पण एक देवीचे नाव सांगते आणि दुसरी डोंगराचे. नावाच्या यादीत दोहोंपैकी काहीच सापडत नाही. तिथे 'शिवाजी' म्हणजे 'शंकर' एवढेच असते.

हैबतराव, दौलतराव, साहेबराव, गुलाबराव ही नावे आज अस्सल गावरान मराठी वाटतात. हैबत म्हणजे दरारा, हा अरबी शब्द. दौलत आणि साहेबही अरबीच. सर्जेराव हा किताब फारसी 'शर्झा' म्हणजे खवळलेला सिंह यावरून आला. शाहू महाराजांनी आपल्या मानलेल्या मुलाचे नाव बदलून फत्तेसिंह ठेवले. लोखंड्यांचा राणोजी असा फत्तेसिंह भोसले झाला आणि अक्कलकोटच्या घराण्याचा मूळपुरुष ठरला. फत्ते अरबी, सिंह संस्कृत. जोड मराठी.

कोकणातल्या बेने इस्रायलींची नावे तर उगम तपासणाऱ्याची खरी कसोटी पाहतात. तेल गाळणाऱ्या या यहुदी समाजाने बायबलमधली नावे मराठी साच्यात ओतली: सॅम्युएलचा सामाजी, आयझॅकचा इसाजी, डेव्हिडचा दाऊदजी, अब्राहमचा आबाजी. आता कल्याण काबीज करणारे आबाजी सोनदेव आणि अलिबागेकडचा एखादा बेने इस्रायली आबाजी यांची नावे अक्षरशः सारखी. एका नावाच्या मुळाशी घरातल्या वडीलधाऱ्याला मारायची 'आबा' ही हाक, दुसऱ्याच्या मुळाशी हिब्रू कुलपुरुष. कोश कितीही चांगला असो, यातला कोणता आबाजी कोणता हे तो सांगू शकत नाही. त्यासाठी पाळणा कोणाच्या घरी हलला हे पाहावे लागते.

ज्यांचा अर्थ लावायलाच नको, तो उघड कानावर पडतो, अशीही नावे होती. दगडू, धोंडू, कचरू, केरू, उकिरडा, भिकाजी, भिकूबाई. आधीची मुले गेली की पुढच्या मुलाला मुद्दाम टाकाऊ नाव द्यायचे, म्हणजे मृत्यूची किंवा दृष्ट लावणाऱ्याची नजर तिकडे वळणार नाही, असा हा हिशेब. बालमृत्यू घरोघरी असण्याच्या काळातले हे विम्याचे हप्तेच. पण इथेही सगळी नावे एका दोरीत ओवता येत नाहीत. 'धोंडो' म्हणजे धोंडा की काशीच्या धुंडिराज गणपतीचे घासलेले रूप, हे नुसत्या नावावरून ठरत नाही. दादासाहेब फाळक्यांचे नाव धुंडिराज होते. नानासाहेब पेशवे धोंडोपंत म्हणून ओळखले जात. एखाद्या घरात पणजोबा धुंडिराज असतील आणि नातू धोंडो, तर दगडाचा संबंध संपला. आणि निंद्य नाव नेहमीच नवसाचे नसे. मनूने शूद्रासाठी सांगितलेला नियमही खेड्यातल्या उतरंडीत जिवंत होता. तिथे कचरू हे नाव प्रेमाने ठेवलेले की लादलेले, हे घर आणि जात पाहूनच कळते.

मुलींच्या बाबतीत नकोसेपण लपवलेलेही नसे. 'नकुशी', 'नकोशा' ही नावे या शतकातही शाळेच्या हजेरीपटावर होती. सातारा जिल्ह्यात ऑक्टोबर २०११ मध्ये अशा २८५ मुलींना समारंभाने नवी नावे देण्यात आली. त्यांना नावाचा अर्थ कोणत्याही पुस्तकात शोधावा लागला नव्हता.

दरम्यान पतंजलीच्या घोष वर्णाची जागा पंचांगातल्या अक्षराने घेतली होती. अवकहडा चक्रात सत्तावीस नक्षत्रांच्या प्रत्येकी चार चरणांना एकेक अक्षर दिलेले असते, एकूण १०८. अश्विनीला चू, चे, चो, ला. इथवर ठीक. पण आर्द्रेच्या चरणांत 'ङ' येतो, हस्तात 'ण' येतो, उत्तराभाद्रपदात 'ञ' येतो, आणि या अक्षरांनी संस्कृतात किंवा मराठीत नाव सुरू होत नाही. मग जवळपासचे अक्षर घ्यायचे, किंवा जन्मनाव पत्रिकेत ठेवून पाळण्यातले नाव वेगळे ठेवायचे. 'थ', 'ठ', 'झ' यांच्यासाठी नावे शोधताना आजही आईबापांची दमछाक होते. नव्या, कोशात नसलेल्या नावांना मागणी येण्याचे हे एक साधे कारण आहे: अक्षर आधी ठरते, नाव मागाहून शोधले जाते आणि अर्थ त्याहून मागाहून जोडला जातो.

शिवाय एकाच माणसाला दोन-तीन नावे असत. सून सासऱ्याचे नाव घेत नसे. आजोबांचे नाव नातवाला ठेवले की आईची पंचाईत. म्हणून बाळ, बंडू, नाना, आबा ही हाकेची नावे. लोकमान्य टिळकांचे बारशाचे नाव केशव. घरातले 'बाळ' हे हाकेचे नावच टिकले आणि बाळ गंगाधर हेच इतिहासात गेले. मुलींची तर लग्नात नावेच बदलत. मोरोपंत तांब्यांची मणिकर्णिका लक्ष्मीबाई झाली ती झाशीत.

एकोणिसाव्या शतकात छापखाना आणि कोश आले. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश १८३१ मध्ये, वामन शिवराम आपट्यांचा संस्कृत-इंग्रजी कोश १८९० मध्ये, मोनियर-विल्यम्सची वाढवलेली आवृत्ती १८९९ मध्ये. शिकलेल्या घरांना नावात संस्कृत शोधायची सवय लागली आणि देशी नावांना संस्कृत मुलामा चढू लागला. जोतीराव फुल्यांच्या नावाचा संबंध वाडी रत्नागिरीच्या जोतिबाशी आहे. स्वतः ते 'जोतीराव' लिहीत. पुढच्यांनी 'ज' ला 'य' जोडून 'ज्योतिराव', 'ज्योतिबा' केले आणि नावाचा अर्थ 'प्रकाश' झाला. कोल्हापूरकडच्या डोंगरावरचा, गुलाल उधळून घेणारा देव अर्थातून बाहेर गेला.

याच्या नेमके उलटे उदाहरण 'मिलिंद'चे. कोणतीही यादी उघडा, मिलिंद म्हणजे भुंगा. संस्कृतात तो अर्थ आहेच. पण डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी औरंगाबादच्या महाविद्यालयाला मिलिंद हे नाव दिले ते भुंग्यावरून नव्हे. पाली 'मिलिंदपञ्ह' ग्रंथात भिक्षू नागसेनाला प्रश्न विचारणारा राजा मिलिंद म्हणजे ग्रीक मिनँडर. म्हणूनच तो परिसर नागसेनवन. १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर महाराष्ट्रातल्या हजारो घरांत सिद्धार्थ, गौतम, राहुल, सुजाता, यशोधरा यांच्याबरोबर मिलिंद आला. त्या घरातल्या मिलिंदाचे मूळ ग्रीक, आणि शेजारच्या घरात केवळ कानाला गोड लागले म्हणून ठेवलेल्या मिलिंदाचे संस्कृत. 'राहुल'समोर याद्या 'सर्व दुःखांवर मात करणारा' असे काहीतरी छापतात. बौद्ध परंपरेतली कथा अशी की, मुलगा झाल्याची बातमी कळताच सिद्धार्थाने 'बंधन जन्मले' असे उद्गार काढले आणि तेच नाव झाले. वैराग्याच्या उंबरठ्यावर उभ्या असलेल्या बापाचा तो सुस्कारा होता. यादीला तो मंगल वाटला नसावा.

आजच्या याद्यांचे मुख्य दुखणे हेच आहे: त्यांना प्रत्येक नाव संस्कृत आणि प्रत्येक अर्थ शुभ हवा असतो. 'मायरा' घ्या. लक्ष्मी, प्रिय, अद्भुत असे अर्थ समोर दिलेले असतात. इंग्रजीतले मायरा हे नाव फुल्क ग्रेव्हिल या एलिझाबेथकालीन कवीने आपल्या कवितांसाठी घडवले. आणि राजस्थानात मायरा म्हणजे भाचराच्या लग्नात मामाने आणायचा आहेर. 'कियारा'ची कथा आणखी गमतीची. इटालियनमधल्या अशाच उच्चाराच्या नावाचे मूळ लॅटिन, अर्थ स्वच्छ, उजळ. आयर्लंडमधल्या जवळपासच्या उच्चाराच्या नावाचे मूळ 'काळा, गडद' या शब्दात. 'अनाया' संस्कृत म्हणून विकले जाते. संस्कृतात त्याच्या सर्वांत जवळचा शब्द 'अनय', आणि त्याचा अर्थ दुर्वर्तन किंवा आपत्ती. अरबीत मात्र 'इनाया' म्हणजे काळजी, जपणूक. उगम बदलून सांगण्याच्या हट्टापायी चांगला अर्थही हातचा जातो.

'अंश' लावून घडवलेल्या नावांना पतंजलीचीच परीक्षा लावता येते. 'अय' म्हणजे शुभ दैव, हे अमरकोशात आहे. अय अधिक अंश बरोबर अयांश, संधी बिनचूक. अर्थ 'भाग्याचा अंश'. यादीत छापलेला 'प्रकाशाचा पहिला किरण' मात्र त्यातून निघत नाही. 'रेयांश'ला तेवढेही साधत नाही. संपत्ती या अर्थाचा शब्द 'रै' धरला तर संधीने 'रायंश' होईल. म्हणजे नाव नवे घडवलेले आहे. ते ठेवायला कोणाचीच हरकत नाही. नावे नवी घडतच आली आहेत. फक्त ते वेदातले म्हणून सांगू नये.

कोशालाही आंधळेपणाने शरण जाऊन चालत नाही. 'हरी' या शब्दाला संस्कृतात विष्णू, इंद्र, सूर्य, चंद्र, वारा, सिंह, घोडा, पोपट, साप, माकड आणि बेडूक इतके अर्थ आहेत. म्हणून कोणा हरिभाऊंच्या आईबापांच्या मनात बेडूक होता असे होत नाही. मोनियर-विल्यम्सच्या कोशात काही अर्थांपुढे एक छोटी खूण असते: हा अर्थ फक्त जुन्या कोशकारांनी दिला आहे, ग्रंथांत वापर आढळलेला नाही. याद्या ही खूण गाळून अर्थ तेवढा उचलतात. कोलोन विद्यापीठाने हा कोश आणि आपट्यांचा कोशही संगणकावर फुकट खुले केले आहेत, त्यामुळे ती खूण पाहायला आता ग्रंथालयातही जावे लागत नाही. मराठी वळणाच्या नावांसाठी दाते-कर्व्यांचा 'महाराष्ट्र शब्दकोश' आणि कृ. पां. कुलकर्ण्यांचा 'मराठी व्युत्पत्तिकोश' हाताशी आहेत. माणसांची नावे प्रत्यक्ष कोण वापरत होते, हे पाहायला सिद्धेश्वरशास्त्री चित्रावांचे चरित्रकोश.

सरकारदरबारी अर्थाचा रकाना नाही. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम १९६९ मध्ये आला. त्याखालच्या नियमांनुसार बाळाचे नाव जन्मनोंदीत पहिल्या बारा महिन्यांत विनाशुल्क घालता येते, पुढे पंधरा वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. महाराष्ट्रात १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत बाळाचे नाव, मग आईचे, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव असा क्रम आला. आईची खूण नावात पुन्हा आली. या वेळी गोत्राची नव्हे, तिच्या स्वतःच्या नावाची.

आणि एखाद्या संस्कृत शब्दाची जन्मापासूनची कुंडलीच हवी असेल, तर त्याचे काम पुण्यात येरवड्याजवळच्या डेक्कन कॉलेजात चालू आहे. डॉ. सुमित्र मंगेश कत्रे यांनी १९४८ मध्ये तिथे ऐतिहासिक तत्त्वांवरचा संस्कृत महाकोश हाती घेतला. वेदांपासून पुढच्या सुमारे दीड हजार ग्रंथांतले शब्द उतरवून कोटीभर चिठ्ठ्या तयार झाल्या आणि पहिला खंड १९७६ मध्ये निघाला. शब्द पहिल्यांदा कुठे आला, अर्थ कोणत्या शतकात बदलला, सगळे त्यात दाखवलेले असते. तिसाहून अधिक खंड झाले तरी अजून 'अ' हेच अक्षर चालू आहे. त्यामुळे 'अ'ने सुरू होणाऱ्या नावांच्या आईबापांची काही सोय झाली आहे. वेदिका, शर्वरी आणि हर्षलच्या आईबापांना तूर्त मोनियर-विल्यम्सवरच भागवावे लागेल.